साथीचं नुकसान कशातून वजा करायचं?

मे २०२५ च्या पहिल्या पंधरवड्यात, ऑपरेशन सिंदूरच्या बातम्यांच्या गदारोळात, भारताच्या महानिबंधक कार्यालयाने २०२१ या वर्षाचे जन्ममृत्यूंचे अहवाल प्रसिद्ध केले. वर्ष उलटून तीन वर्षांहून जास्त काळ गेल्यावर. बातमी आतल्या पानांवर गेली आणि तिथेच विरली. आकडे मात्र थांबून बघण्यासारखे आहेत. २०२० मध्ये देशात ८१.२ लाख मृत्यूंची नोंद झाली होती, २०२१ मध्ये १ कोटी २ लाखांची. म्हणजे एका वर्षात २१ लाखांची वाढ. सरकारी गणतीत २०२१ मध्ये कोविडने गेलेले लोक होते सुमारे ३.३ लाख.

यावर दोन ठरावीक प्रतिक्रिया आल्या. पहिली: "बघा, अठरा लाख लपवले!" दुसरी: "काही नाही, लोक आता नोंदणी करायला लागलेत, म्हणून आकडा वाढला." दोन्ही बाजूंचा आवाज मोठा होता, वजाबाकी मात्र दोघांनीही केली नव्हती. ती कशी करतात, हे सांगायला मला फार आवडतं, त्यामुळे थोडं लांबलं तर सांभाळून घ्या.

आधी ३.३ लाख हा आकडा कसा तयार होतो ते पाहू. माणूस आजारी पडतो, त्याची चाचणी होते, ती पॉझिटिव्ह येते, तो दवाखान्यात जातो, दगावतो. डॉक्टर मृत्यूच्या कारणाचा दाखला भरतात: दवाखान्यात मृत्यू झाला तर नमुना ४, घरी झाला तर नमुना ४अ. त्यात तात्कालिक कारण, त्यामागचं कारण आणि सगळ्यांच्या मुळाशी असलेलं कारण असा क्रम लिहायचा असतो. कोविड लिहायचा तो मुळाशी. पण घाईच्या रात्री 'हृदयक्रिया बंद पडली' एवढंच लिहून दाखला निघाला, तर तो मृत्यू कोविडच्या खात्यात जात नाही. (हृदयक्रिया बंद पडल्याशिवाय कोण मरतं, हा प्रश्न वैद्यकीय महाविद्यालयांत पहिल्या वर्षापासून विचारला जातो, तरी दाखल्यांवर ते वाक्य टिकून आहे.) पुढे महापालिका, जिल्हा, राज्य आणि दिल्लीचं पोर्टल. या साखळीच्या प्रत्येक कडीत गळती आहे. १६ जून २०२० ला महाराष्ट्राने ताळमेळ घालून एका दिवसात १,३२८ जुने मृत्यू यादीत टाकले, त्यातले ८६२ एकट्या मुंबईचे होते. ताळमेळ घातला हे चांगलंच झालं. पण त्यातून साखळी किती सैल होती तेही कळलं.

देशात नोंदवलेल्या मृत्यूंपैकी जेमतेम पाव हिश्श्याला डॉक्टरचा दाखला असतो. बाकीच्यांची नोंद नुसती 'मृत्यू' अशी होते, कारणाशिवाय. आता गंमत बघा. २०२१ मध्ये या पाव हिश्श्यातच कोविड हे कारण असलेले सुमारे ४.१ लाख मृत्यू निघाले. म्हणजे सरकारच्याच एका कार्यालयाचा अपुरा हिशेब दुसऱ्या कार्यालयाच्या पूर्ण म्हणवणाऱ्या हिशेबापेक्षा मोठा आहे!

मग उपाय? कारण विचारायचंच नाही. कोण कशाने गेलं हे सोडून द्यायचं, एकूण किती गेले ते मोजायचं, आणि साथ आलीच नसती तर किती गेले असते तो आकडा त्यातून वजा करायचा. उरतात ते जादा मृत्यू. किराणा दुकानात तेल घेताना दुकानदार आधी रिकाम्या डब्याचा धडा करतो, म्हणजे डब्याचं वजन बाजूला काढतो, तसंच हे. अडचण एवढीच की इथे रिकामा डबा कुणी पाहिलेला नाही. साथ न आलेलं २०२१ हे वर्ष कुठल्याच नोंदवहीत नाही, ते गणितानेच उभं करावं लागतं.

चला, उभं करू. २०१८ मध्ये ६९.५ लाख मृत्यू नोंदवले गेले, २०१९ मध्ये ७६.४ लाख. एका वर्षात सात लाख लोक जास्त मेले असा याचा अर्थ नाही. नोंदणी सुधारत होती. ही सुधारणा तशीच, म्हणजे वर्षाला सहा-सात लाखांनी, चालू राहिली असती असं धरलं, तर साथीशिवाय २०२० मध्ये सुमारे ८३ लाख आणि २०२१ मध्ये ८९ ते ९० लाख नोंदी झाल्या असत्या. प्रत्यक्षात २०२१ मध्ये १०२ लाख झाल्या. फरक १२-१३ लाख. पण २०१९ मध्येच नोंदणी ९२ टक्क्यांवर पोचली होती. शंभराच्या वर ती जाणार कशी? वाढायला जागाच उरली नव्हती असं मानून २०२० हाच पाया धरला, तर फरक २१ लाख. त्यातही २०२० हे वर्ष स्वतःच विचित्र. टाळेबंदीत रस्ते ओस पडले आणि रस्ते-अपघातांतले मृत्यू २०१९ मधल्या १ लाख ५१ हजारांवरून १ लाख ३२ हजारांवर आले. कायद्याप्रमाणे मृत्यूची नोंद २१ दिवसांत करायची असते. कार्यालयंच बंद असताना कितीजणांनी ती केली असेल?

म्हणून दुसरा, स्वतंत्र मार्ग हवा, आणि तो आपल्याकडे आहे. नमुना नोंदणी पद्धत. देशभरातली सुमारे ८,८०० गावं आणि शहरी वस्त्या निवडून तिथल्या ८४ लाखांच्या आसपास लोकांमधले जन्ममृत्यू सतत टिपले जातात. नातेवाईक नोंदणीला आले काय, न आले काय, फरक पडत नाही. या पाहणीप्रमाणे २०१९ आणि २०२० मध्ये मृत्युदर दर हजारी ६.० होता. २०२१ मध्ये तो ७.५ झाला. दीड भागिले हजार, गुणिले सुमारे १३७ कोटी. उत्तर साडेवीस लाख येतं. दोन वेगळ्या वाटांनी निघून आपण जवळजवळ एकाच ठिकाणी पोचलो, आणि आकडेशास्त्रात याहून समाधानाची गोष्ट फार थोडी असते. "नुसती नोंदणी सुधारली" हा दावा इथे टिकत नाही, कारण या पाहणीत नोंदणीचा संबंधच नाही.

ज्यांना गणिताची आणखी हौस आहे त्यांच्यासाठी एक आडवळण. बाकीच्यांनी पुढचा परिच्छेद गाठला तरी चालेल. मृत्यू वर्षभर सारखे नसतात, थंडीत वाढतात. १९६३ मध्ये अमेरिकेत रॉबर्ट सर्फलिंग यांनी यावर तोडगा काढला. आठवड्यागणिक मृत्यूंना एक सरळ रेषा (लोकसंख्येची संथ वाढ) अधिक एका वर्षाच्या लांबीची साइन आणि कोसाइन लहर (ऋतुचक्र) बसवायची. बसवताना जुन्या साथींचे आठवडे वगळायचे, नाहीतर धड्यातच तेल सांडतं. मग निरीक्षणं या वक्राच्या वर ठरावीक प्रमाण विचलनांपेक्षा जास्त गेली की साथ आली असं म्हणायचं. आजच्या बहुतेक प्रतिमानांचं (गणिती मॉडेलांचं) मूळ हेच आहे. आपली अडचण अशी की त्यांना आठवड्याचे, निदान महिन्याचे आकडे लागतात, आणि देशपातळीवर आपल्याकडे वार्षिक आकडेच वर्षानुवर्षं रखडतात.

म्हणूनच जागतिक आरोग्य संघटनेने मे २०२२ मध्ये भारताचा अंदाज काढला तो १७ राज्यं आणि केंद्रशासित प्रदेशांच्या मासिक आकड्यांवरून. २०२०-२१ या दोन वर्षांत ४७ लाख जादा मृत्यू, असं त्यांचं उत्तर होतं. त्याच दोन वर्षांचा सरकारी कोविड-आकडा ४.८१ लाख. "दहापट!" असे मथळे झळकले. त्या ४७ लाखांना सुमारे ३३ ते ६५ लाखांची अनिश्चितता जोडलेली होती, ती मथळ्यात मावली नाही. सरकारने प्रतिमानावर हरकत घेतली आणि आमची नोंदणी भक्कम आहे असं सांगितलं. आता त्याच नोंदणीतून वीस लाख बाहेर आले आहेत. माझं मत विचाराल तर ४७ लाख जास्त वाटतात, ४.८१ लाख हास्यास्पद वाटतात, आणि खरा आकडा निदान चार-पाच पट आहे हे नाकारायला आता सरकारी कागदच आडवे येतात.

या कमी आकड्यानेही नुकसान केलं. २०२१ च्या सुरुवातीला दर लाखामागचे आपले मृत्यू युरोपच्या शेजारी मांडून काढ्याचं, हळदीचं, आपल्या मातीतल्या उपजत प्रतिकारशक्तीचं श्रेय ठरवण्यात भलेभले गुंतले होते. थाळ्यांच्या कंपनांनी विषाणू मरतो असं फॉरवर्ड करणारे निदान विनोदाचा विषय तरी झाले. आकडे दाखवून काढा विकणारे शास्त्रीय वाटत होते. एप्रिलमध्ये दुसरी लाट आली तेव्हा काढा तोच होता.

जादा मृत्यूंमध्ये सगळे कोविडने गेलेले नसतात, हेही सांगायला हवं. क्षयाचे २०१९ मध्ये २४ लाख रुग्ण नोंदवले गेले, २०२० मध्ये १८ लाख. सहा लाख क्षयरोगी बरे झाले नाहीत, ते सापडलेच नाहीत. ८ मे २०२० च्या पहाटे औरंगाबादजवळ करमाडला रुळांवर झोपलेले १६ मजूर मालगाडीखाली आले. जालन्याहून ते गावाकडे चालत निघाले होते. त्यांच्या दाखल्यावर कोविड नाही. वजाबाकीत मात्र ते आहेत, आणि असायलाच हवेत.

आता पैशांकडे. तिथेही तीच वजाबाकी आहे, फक्त फसवणूक जरा सोपी आहे.

एप्रिल ते जून २०२० या तिमाहीत आपलं जीडीपी आदल्या वर्षीच्या तुलनेत २४.४ टक्क्यांनी आकसलं. वर्षभराने ३१ ऑगस्ट २०२१ ला पुढचा आकडा आला: २०.१ टक्के वाढ. विक्रमी म्हणून पेढे वाटायचे तेवढे राहिले. शाळेतली टक्केवारी काढा. १०० चे झाले ७५.६. त्यावर २०.१ टक्के म्हणजे ९०.८. विक्रमी वाढीनंतरही आपण दोन वर्षांपूर्वीपेक्षा नऊ टक्क्यांनी खाली होतो. खड्ड्यातून मोजलेली उंची!

पण दोन वर्षांपूर्वीचा आकडा हाही योग्य पाया नाही. साथ नसती तर अर्थव्यवस्था वाढली असती. किती? रिझर्व्ह बँकेने २०२२ च्या एका अहवालात साथीपूर्वीचा कल वर्षाला ६.६ टक्के काढला. २०२०-२१ ते २०२२-२३ या तीन वर्षांत साथीविना १०० चे १२१ झाले असते. प्रत्यक्षात, बँकेने धरलेल्या दरांनी (उणे ६.६, मग ८.९, मग ७.२), १०९ होतात. दरी दहा टक्क्यांची. पुढे दरवर्षी ७.५ टक्क्यांनी वाढलो तरी ६.६ च्या तुलनेत वर्षाला एका टक्क्याहूनही कमी अंतर कापलं जातं. दहा टक्क्यांना बाराएक वर्षं लागतात. अहवालात लिहिलेलं २०३४-३५ हे साल असंच येतं.

आता पाया बदलून पाहा. मंदावलेली वर्षं वगळली तर कल ७.१ टक्के निघतो, असंही त्याच अहवालात आहे. तो धरला तर दरी भरायला तीसेक वर्षं लागतील. उलट, साथीच्या आदल्या वर्षी वाढ चार टक्क्यांच्या आसपास घसरलीच होती, तेच पुढे चालू राहिलं असतं असं मानलं, तर दरी तीन टक्क्यांची आणि एका वर्षात बुजणारी. एक वर्ष, बारा वर्षं, तीस वर्षं. खरे आकडे तेच. बदलला तो फक्त धडा. नंतर जीडीपीचे आकडे सुधारले गेले, त्यामुळे ही सालं पुढेमागे होतील, पण पायाचा वाद तसाच राहील.

आणि दोन्ही वह्यांत न सापडणारी माणसं बऱ्याच अंशी एकच आहेत. तिमाही जीडीपी काढताना असंघटित क्षेत्राची थेट मोजणी होत नाही. मोठ्या कंपन्यांचे ताळेबंद आणि औद्योगिक उत्पादनाचे निर्देशांक घेऊन, छोट्यांचंही साधारण तसंच चाललं असेल असं धरतात. एरवी हे चालून जातं. पण मोठी कंपनी टिकली आणि गल्लीतला फॅब्रिकेशनवाला बसला, तर कंपनीची वाढ त्याच्याही नावावर लागते. त्याचा मागमूस दुसरीकडे शोधावा लागतो. २०१९-२० मध्ये रोजगार हमीवर २६५ कोटी मनुष्यदिवस काम झालं, २०२०-२१ मध्ये ३८९ कोटी. शेतीवर राबणाऱ्यांचा वाटा २०१८-१९ मध्ये ४२.५ टक्के होता, तो २०२०-२१ मध्ये ४६.५ टक्के झाला. शेती काही एवढी फायद्याची झाली नव्हती. शहरातलं काम गेलेला माणूस भावाच्या दोन एकरांत वाटेकरी म्हणून उभा राहिला. घरी वारलेल्या, दाखला नसलेल्या म्हाताऱ्याच्या आणि या मजुराच्या घरात फार अंतर नसावं.

१९१८ च्या मानमोडीतही, म्हणजे इन्फ्लुएंझाच्या साथीतही, नोंदी कोलमडल्या होत्या. मृत्यू कळवणारे कोतवाल-पाटीलच आजारी पडत किंवा मरत. तरी १९२१ ला जनगणना झाली. १९११ मध्ये आजच्या भारताच्या हद्दीत २५.२१ कोटी लोक होते, दहा वर्षांनी २५.१३ कोटी. विसाव्या शतकात लोकसंख्या घटलेलं हे एकमेव दशक. त्या वजाबाकीवर अजून संशोधन चालू आहे, आणि सव्वा ते दोन कोटी मृत्यूंचे अंदाज बांधताना तिचा आधार घ्यावा लागतो. कोविडनंतर तसा आधार मिळाला नाही, कारण २०२१ ची जनगणना झालीच नाही. वर मी १३७ कोटींनी गुणलं तो आकडाही २०११ वरून पुढे ओढलेला आहे. नव्या जनगणनेचा संदर्भक्षण (ज्या क्षणाची लोकसंख्या धरायची तो), काही हिमाच्छादित भाग सोडले तर, १ मार्च २०२७ ठरला आहे. तो आकडा आला की २०२१ चा गुणक दुरुस्त होईल, आणि साडेवीस लाखांचं उत्तर थोडं इकडे किंवा थोडं तिकडे सरकेल.