फाउंडेशनवर एसपीएफ लिहिलंय, मग सनस्क्रीन कशाला?

सोलापूरचं ऊन तापायला लागलं की आमच्या काउंटरवर हा प्रश्न ठरलेला. "ताई, यात एसपीएफ ३० आहे की, मग खाली वेगळं कशाला लावू?" मागे गिऱ्हाइकं खोळंबलेली, उभ्या उभ्या उत्तर देताना निम्मं सांगायचं राहून जातं. म्हणून आम्ही दोघी जावांनी बसून हे पत्रक लिहिलं आणि तुमच्या पिशवीत टाकलं. घरी निवांत वाचा.

उत्तर आधी सांगतो: सनस्क्रीन वेगळं लागतंच. का, तो हिशेब खाली आहे.

आकडा खरा, पण थर कुठाय?

डबीवरचा एसपीएफचा, म्हणजे उन्हापासूनच्या संरक्षणाचा, आकडा मोजताना त्वचेच्या दर चौरस सेंटिमीटरला २ मिलिग्रॅम माल लावलेला असतो. चेहरा साधारण ६०० चौरस सेंटिमीटर धरला, तर नुसत्या चेहऱ्याला १.२ ग्रॅम झालं. दुकानातल्या छोट्या काट्यावर आम्ही तेवढं फाउंडेशन काढून पाहिलं. चहाचा पाव चमचा भरला. धाकटीने हौसेनं ते सगळं तोंडाला लावलं, तर भिंतीला लांबी भरल्यासारखी दिसायला लागली. असं कुणी ऑफिसला जात नाही.

आता उलटा हिशेब. या मापानं लावलं तर ३० मिलीची बाटली २५ दिवसांत संपायला हवी. आमच्याकडे रोज मेकअप करून कामावर जाणाऱ्या कितीतरी जणी आहेत, त्यासुद्धा दुसरी बाटली न्यायला चार-पाच महिन्यांनी येतात. म्हणजे मापाचा पाचवा-सहावा हिस्साच लागतो. थर पातळ झाला की संरक्षणही उतरतं. डबीवर ३० असलं तरी चेहऱ्यावर पाच-सहाच्या वर काही उरत नाही, असंच धरून चाला. कॉम्पॅक्टचं तर विचारूच नका, पफ दोनदा फिरवला की झालं आपलं.

तेव्हा आमच्या गल्ल्याला थोडी झळ बसली तरी सांगतो: फाउंडेशन घेताना शेड बघा, पोत बघा, एसपीएफच्या आकड्यासाठी जास्तीचे पैसे मोजू नका. ते पैसे सनस्क्रीनला ठेवा. आणि खाली ३० चं सनस्क्रीन, वर १५ चं फाउंडेशन म्हणजे ४५ झाले असं नाही, यांची बेरीज होत नाही. सनस्क्रीन लावताना एखादी जागा सुटली असेल तर वरच्या थरानं ती थोडीफार झाकली जाते, फायदा म्हणाल तर तेवढाच.

डबीवर काय वाचायचं

एसपीएफ म्हणजे त्वचा भाजून लाल करणाऱ्या यूव्हीबी किरणांपासून संरक्षण. नीट मापानं लावलं तर १५ चं सुमारे ९३ टक्के किरण अडवतं, ३० चं ९७ आणि ५० चं ९८. म्हणून ३० आणि ५० मध्ये फार अडकू नका, हात सढळ ठेवा.

दुसरं अक्षर पीए, पुढे अधिकची चिन्हं. ही जपानी पद्धत. त्वचा काळवंडवणाऱ्या आणि सुरकुत्या लवकर आणणाऱ्या यूव्हीए किरणांसाठी ते माप असतं. एक ते चार अधिक, जितके जास्त तितकं चांगलं. आपल्या उन्हाला तीन तरी असावेत. हे किरण साध्या काचेतून आत येतात, त्यामुळे एसटीत खिडकीशी बसणारीनं किंवा ऑफिसात काचेलगत टेबल असणारीनं "मी तर सावलीतच असते" म्हणून सनस्क्रीन टाळू नये.

गालावर वांग असेल तर

इथे मात्र मेकअपची बाजू घ्यायलाच हवी. आपल्यासारख्या सावळ्या, गव्हाळ त्वचेवर वांग वाढवायला नुसते अतिनील (यूव्ही) किरणच नाही, तर डोळ्यांना दिसणारा उजेडही हातभार लावतो. बिनरंगाचं सनस्क्रीन हा उजेड फारसा अडवत नाही. रंग असलेलं अडवतं, कारण त्यात आयर्न ऑक्साइड असतं. फाउंडेशनला आणि टिंटेड सनस्क्रीनला त्वचेचा रंग येतो तो यामुळेच. डबीच्या मागे बारीक अक्षरात सीआय ७७४९१, ७७४९२, ७७४९९ असे आकडे दिसतील. तांबडा, पिवळा आणि काळा असे ते तीन रंग. वांग असलेल्या ताईंना आम्ही म्हणूनच सांगतो: आधी सनस्क्रीन, वर रंगाचा थर, किंवा मग सरळ टिंटेड सनस्क्रीनच भरपूर लावा. औषध मात्र त्वचेच्या डॉक्टरांकडून घ्या. शेजारणीनं सांगितलेली गोरेपणाची ट्यूब नको. अशा काही ट्यूबमध्ये स्टिरॉइड असतं, त्यानं त्वचा पातळ होते आणि ऊन जास्तच बाधतं.

शेड घेताना मनगटावर लावून बघू नका. जबड्याच्या कडेला लावा आणि दुकानाच्या दारात या, आमच्या ट्यूबलाइटवर भरवसा ठेवू नका. झिंक ऑक्साइड किंवा टायटॅनियम डायऑक्साइड जास्त असलेला माल सावळ्या रंगावर राखट दिसतो आणि फोटोच्या फ्लॅशमध्ये तोंड पांढरं येतं. लग्नाच्या अल्बममधून ते पुसता येत नाही.

लावायची रीत

तर्जनी आणि मधलं बोट, दोन्हींवर मुळापासून टोकापर्यंत सनस्क्रीनची एकेक रेघ. एवढं चेहऱ्याला आणि गळ्याला लागतं. पहिल्यांदा जास्त वाटेल. एका वेळी जिरत नसेल तर दोन खेपांत लावा. कान, मान, भांगाच्या कडेची त्वचा आणि मंगळसूत्राखालचा गळा हमखास सुटतात.

मग दहा मिनिटं थांबा, तोवर डबा भरून होतो. सनस्क्रीन बसल्यावर फाउंडेशन थोपटत लावा. घासलं तर खालचा थर सरकतो, त्याच्या गोळ्या निघतात. सनस्क्रीन आणि फाउंडेशन तळहातावर कालवून लावायची युक्ती सध्या फार चालली आहे. ती करू नका, दोन्ही पातळ होतात आणि थर सारखा बसत नाही.

ओठ विसरू नका, खालच्या ओठावर ऊन जास्त पडतं. लिपस्टिकच्या खाली एसपीएफचा लिप बाम लावा.

दुपारी काय?

उन्हात असाल तर दर दोन तासांनी पुन्हा लावायचं असतं. मेकअपवर कसं लावणार, हा प्रश्न बरोबर आहे. आधी टिश्यूनं घाम टिपून घ्या, पुसू नका. मग स्पंजवर सनस्क्रीन घेऊन हलकं थोपटा, किंवा कुशन (डबीतल्या स्पंजात मुरवलेलं सनस्क्रीन) वापरा. एसपीएफची पावडर चकाकी घालवायला ठीक आहे, पण तिच्यावर विसंबू नका. स्प्रे थेट तोंडावर मारू नका, नाकात जातो. आधी हातावर घ्या. गाडीवर स्टोल बांधत असाल तर तो गालाचं सगळं पुसून नेतो. उतरल्यावर आरशात बघून पुन्हा लावा.

मे महिन्यातल्या नवरीच्या आईबाबांना एक विनंती. मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात आपल्याकडे शून्य सावलीचा दिवस येतो, सूर्य बरोबर डोक्यावर असतो. त्या सुमाराला भर दुपारी गच्चीवर फोटो काढायचे असतील तर छत्री धरणारं माणूस आधीच ठरवा. आमचा मेकअप कितीही चांगला असला तरी छत्रीची बरोबरी करणार नाही.

डबी सांभाळा

स्कूटरच्या डिकीत सनस्क्रीन किंवा फाउंडेशन ठेवू नका, तिथली भट्टी माल बिघडवते. पाणी वेगळं सुटलं, वास बदलला तर टाकून द्या. बॅच नंबर आणि वापरायची मुदत छापलेली नसेल तर कितीही स्वस्त मिळालं तरी घेऊ नका, आमच्याकडूनसुद्धा.

रात्री सगळं उतरवून झोपा. नुसत्या पाण्यानं निघत नाही, क्लेन्झर लागतो. मुरमं येत नसतील तर खोबरेल तेलाचा बोळाही चालतो. पण तेच खोबरेल सकाळी सनस्क्रीन म्हणून लावू नका.

काटा अजून काउंटरवरच आहे. तुमची ट्यूब घेऊन या, रोज लावता तेवढं बोटावर काढा, आम्ही मोजून दाखवतो. त्याचे पैसे नाहीत. सोमवारी दुकान बंद असतं.