स्वयंप्रतिरक्षित मेंदूदाह

शरीराच्या प्रतिकारयंत्रणेने बनवलेली प्रतिपिंडे (अँटीबॉडी) चेतापेशींच्या स्वतःच्याच प्रथिनांना चिकटल्यामुळे किंवा प्रतिकारपेशींनी चेतापेशींवर थेट हल्ला केल्यामुळे होणाऱ्या मेंदूच्या दाहास स्वयंप्रतिरक्षित मेंदूदाह म्हणतात. हा आजार एकाकडून दुसऱ्याला होत नाही. प्रतिपिंडे चेतापेशीच्या पृष्ठभागावरील प्रथिनांविरुद्ध असतील, तर पेशी सहसा मरत नाहीत, त्यांचे काम तेवढे बिघडते. त्यामुळे अतिदक्षता विभागात आठवडेच्या आठवडे बेशुद्ध असलेला रुग्णही पुढे आपल्या पायांनी घरी जाऊ शकतो. प्रतिपिंडांचे लक्ष्य पेशीच्या आत असेल, तर मात्र बहुधा शरीरात कुठेतरी कर्करोग दडलेला असतो आणि उपचारांना यश कमी येते.

यातील सर्वाधिक अभ्यासला गेलेला प्रकार एनएमडीए ग्राहीविरोधी मेंदूदाहाचा आहे. एनएमडीए ग्राही हे चेतापेशीच्या पृष्ठभागावरील, संदेश स्वीकारणारे प्रथिन आहे. जोसेप दालमाऊ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००७ मध्ये त्याचे कारण दाखवून दिले. त्यांचे रुग्ण प्रामुख्याने तरुण स्त्रिया होत्या आणि अनेकींच्या बीजकोशात टेराटोमा नावाची गाठ होती. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ५७७ रुग्णांच्या अभ्यासात ८१ टक्के स्त्रिया होत्या, मध्यक वय २१ वर्षे होते आणि ३८ टक्के रुग्णांत गाठ आढळली.

ठाणे किंवा नवी मुंबईतील एखाद्या घरात हा आजार कसा शिरतो, याचा क्रम बराचसा ठरलेला असतो. कॉलेजला जाणाऱ्या मुलीला काही दिवस ताप आणि डोकेदुखी होते. ते ओसरते न ओसरते तोच झोप उडते, ती घरच्यांवर संशय घेऊ लागते, एकटीच बडबडते किंवा अकारण चिडते. घरात कोणी परीक्षेच्या टेन्शनचे कारण देते, कोणी ‘बाहेरचे काहीतरी’ म्हणून अंगारा लावते, आणि रुग्ण पहिल्यांदा मनोविकारतज्ज्ञाकडे पोहोचतो. यात नवल नाही. सुरुवातीला दिसते ते सारे मानसिक आजारासारखेच असते. वेगळेपण पुढच्या एक-दोन आठवड्यांत उघड होते: फिट येते, बोलणे कमी होत होत थांबते, ओठ व जीभ सतत चघळल्यासारखी हलू लागतात, हात विचित्र स्थितीत ताठ राहतात, नाडी आणि रक्तदाब वर-खाली होतात, क्वचित श्वास मंदावून व्हेंटिलेटर लावावा लागतो. मानसिक आजाराची औषधे सुरू करताच अंग ताठरणे आणि ताप वाढणे हीदेखील महत्त्वाची खूण आहे. ठाण्यात १९०१ पासून प्रादेशिक मनोरुग्णालय आहे. अशा शहरात ‘पहिल्यांदाच आणि अचानक वेड लागले’ अशी हकिगत ऐकताना ताप आणि फिटबद्दल आवर्जून विचारले जावे, हे वेगळे सांगायला नको.

उतारवयातील रुग्णांत चित्र निराळे असते. एलजीआय १ या प्रथिनाविरुद्धच्या प्रकारात साठीपुढील व्यक्तीच्या, बहुधा पुरुषाच्या, एका बाजूचा हात आणि त्याच बाजूचा चेहरा एकदम आखडतो व क्षणात सुटतो. चहाचा कप हातातून उडावा इतका तो झटका जोरदार असतो, पण तीन सेकंदांच्या आत संपतो आणि दिवसातून कित्येकदा येतो. सोबत स्मरणशक्ती झपाट्याने ढासळते आणि रक्तातील सोडियम उतरते. ‘आजोबांचे सोडियम कमी झाले’ हे रक्तदाबाच्या गोळ्यांमुळेही घडत असल्याने त्यावरच निदान थांबते. झटक्याचा मोबाइलवर काढलेला व्हिडिओ अशा वेळी फार उपयोगी पडतो. या झटक्यांना फिटच्या औषधांनी फारसा फरक पडत नाही. प्रतिकारशक्ती आवरणाऱ्या औषधांनी ते थांबतात.

निदानासाठी २०१६ मध्ये मांडलेले आंतरराष्ट्रीय निकष वापरले जातात. तीन महिन्यांच्या आत वाढलेला स्मृतिदोष, जाणिवेतील बदल किंवा मानसिक लक्षणे. त्याबरोबर नव्याने येणाऱ्या फिट, मज्जासंस्थेतील स्थानिक दोष, पाठीच्या पाण्यात (मेंदू व मज्जारज्जूभोवतीचा, पाठीतून सुईने काढलेला द्रव) प्रति घन मिलिमीटर ५ पेक्षा जास्त पांढऱ्या पेशी किंवा एमआरआयवरील अनुरूप बदल यांपैकी किमान एक गोष्ट. आणि इतर कारणे नाहीत याची वाजवी खात्री, असे त्यांचे स्वरूप आहे. एमआरआय स्वच्छ आला म्हणून आजार नाही असे ठरत नाही. ‘पाठीतले पाणी काढले तर पांगळेपण येते’ या समजुतीने नातेवाईक बिचकतात. प्रत्यक्षात ती तपासणी टाळल्यानेच निदान लांबते, कारण एनएमडीए प्रकारातील प्रतिपिंडे रक्तापेक्षा त्या पाण्यात अधिक खात्रीने सापडतात.

इतर कारणे वगळणे हे इथले सर्वांत कष्टाचे काम आहे. पावसाळ्यात डेंग्यू, मलेरिया आणि लेप्टोस्पायरोसिस, तर बाराही महिने क्षयाचा मेंदूज्वर विचारात घ्यावा लागतो. क्षयात पाठीच्या पाण्यातील साखर सहसा घटलेली असते, या आजारात ती बहुधा नेहमीइतकीच राहते. हर्पीस विषाणूची शंका फिटेपर्यंत असायक्लोव्हिर हे विषाणूविरोधी औषध चालू ठेवतात. हर्पीसचा मेंदूदाह बरा झाल्यावर काही आठवड्यांनी स्वयंप्रतिरक्षित मेंदूदाह उद्भवू शकतो, हेही लक्षात ठेवावे लागते. उलट बाजूने, रक्तात थायरॉइडची प्रतिपिंडे सापडली एवढ्यावरून हे निदान करणे चूक आहे. ती कित्येक निरोगी माणसांतही असतात.

प्रतिपिंडांचा अहवाल यायला दिवस लागतात. संसर्ग पुरेसा वगळला गेला असेल, तर त्यासाठी उपचार अडवून ठेवत नाहीत. सुरुवात मिथाइलप्रेडनिसोलोन या स्टिरॉइडच्या रोज १ ग्रॅम मात्रेने, तीन ते पाच दिवस, शिरेतून होते. जोडीला इम्युनोग्लोब्युलिन (दात्यांच्या रक्तातून मिळवलेली प्रतिपिंडे) किंवा प्लाझ्मा (रक्तातील द्रव भाग) बदलणे यांचा आधार घेतला जातो. हे पहिल्या फळीचे उपचार. इम्युनोग्लोब्युलिनची एकूण मात्रा दर किलोला २ ग्रॅम असते. म्हणजे ६० किलोच्या रुग्णाला १२० ग्रॅम, ५ ग्रॅमच्या २४ बाटल्या, आणि खर्च लाखांत. त्यामुळे कोणता उपाय निवडायचा हे अनेकदा वैद्यकीय मताइतकेच घरच्या ऐपतीवर आणि शासकीय योजना किंवा विम्यातून काय मिळते यावर ठरते. एवढ्याने सुधारणा न दिसल्यास रिटुक्सिमॅब किंवा सायक्लोफॉस्फमाइड ही प्रतिकारशक्ती दाबणारी औषधे देतात. रिटुक्सिमॅबपूर्वी हिपॅटायटिस बी तपासणे अनिवार्य आहे. स्त्री रुग्णाच्या ओटीपोटाची तपासणी करून बीजकोशातील गाठ आढळल्यास ती काढणे हा उपचाराचाच भाग असतो.

एनएमडीए प्रकाराच्या वर उल्लेखिलेल्या ५७७ रुग्णांच्या अभ्यासात पहिल्या फळीचे उपचार किंवा गाठ काढणे यांनंतर सुमारे निम्मे रुग्ण चार आठवड्यांत सुधारले, आणि दोन वर्षांपर्यंत लक्ष ठेवलेल्यांपैकी ८१ टक्के रुग्णांची प्रकृती चांगली होती. सुधारणा संथ असते. चालणे-बोलणे परतल्यावरही लक्ष लागणे, नियोजन करणे आणि आवेग आवरणे यांत महिनोन्महिने उणीव राहते. ठाण्याला लोकल बदलून वाशीच्या कार्यालयात वेळेवर पोहोचणे ही पूर्वी सहज होणारी गोष्टही त्या काळात सोबतीशिवाय जमत नाही. आजार काहींना उलटतो, म्हणून लक्षणे गेल्यानंतरही तपासण्या चालू ठेवतात आणि स्टिरॉइडच्या गोळ्या डॉक्टरांच्या सल्ल्याने टप्प्याटप्प्याने कमी करतात. त्या मनाने एकदम बंद करणे धोक्याचे असते.