तक्त्यातला खोटा आकडा

कार्बोरेटर काढून इंजेक्टर बसवलेल्या इंजिनाचं ट्यूनिंग सॉफ्टवेअर उघडलं, की आधी नजरेत भरतो तो रंगीत तक्ता. सोळा रकाने, सोळा ओळी, २५६ घरं. तळाशी इंजिनाचा आरपीएम, डावीकडे इनटेक मॅनिफोल्डमधला दाब किलोपास्कलमध्ये, आणि प्रत्येक घरात साधारण ३० ते १०० मधला एखादा आकडा. हा व्हीई टेबल. व्हीई म्हणजे व्हॉल्युमेट्रिक एफिशियन्सी. नाव जडजंबाल असलं तरी अर्थ सोपा आहे: सिलिंडरमध्ये जेवढी हवा मावते, त्यातली प्रत्यक्षात किती टक्के आत शिरली.

आकडा वाढवला की पेट्रोल वाढतं, हे पाच मिनिटांत कळतं. मग हा तक्ता पेट्रोलचा नळ आहे असं समजून लोक तो फिरवू लागतात, आणि गाडा तिथेच घसरतो. व्हीई टेबल हे इंजिनाच्या श्वासाचं मोजमाप आहे. मिश्रण कसं हवं, ही आपली इच्छा; ती लिहायला एएफआर टार्गेट (एएफआर म्हणजे हवा आणि इंधन यांचं प्रमाण) नावाचा दुसरा तक्ता असतो. सेन्सर, वायरिंग, इंजेक्टर यांचे दोष आणखी तिसरीकडे दुरुस्त करायचे असतात. या तीन गोष्टींची खिचडी झाली, की गाडी एका हवामानात छान चालते आणि दुसऱ्यात रडते.

उदाहरणासाठी स्पीडुइनो घेऊ. आर्डुइनो मेगा बोर्डावर चालणारा हा मुक्तस्रोत ईसीयू, म्हणजे इंजिन सांभाळणारा छोटा कॉम्प्युटर. त्याचा प्रोसेसर ८ बिटांचा आणि १६ मेगाहर्ट्झचा, आजच्या फोनपुढे अगदीच किरकोळ. पण काम भागतं, कारण ६,००० आरपीएमलाही क्रँक एक अंश फिरायला जवळपास २८ मायक्रोसेकंद घेतो. लॅपटॉपवर ट्यूनरस्टुडिओ हे सॉफ्टवेअर लागतं. ब्रूस बाउलिंग आणि अल ग्रिपो यांच्या मेगास्क्वर्ट या दुसऱ्या ईसीयूलाही तेच चालतं. बोर्डात टाकलेलं फर्मवेअर आणि कोणतं सेटिंग कुठे बसतं हे सांगणारी लॅपटॉपवरची आयएनआय फाइल एकाच आवृत्तीची हवी. ती जुळली नाही तर ट्यूनरस्टुडिओ इशारा देतो. त्याकडे काणाडोळा करून पुढे गेलं, तर एका सेटिंगचा आकडा दुसऱ्याच सेटिंगच्या जागी जाऊन बसू शकतो.

पहिला हिशेब कागदावर

इंजिन मारुती जिप्सीएवढं धरू: १,२९८ सीसी, चार सिलिंडर, म्हणजे एकाच्या वाट्याला ३२४.५ सीसी. १०० किलोपास्कल दाबाला आणि २० अंश सेल्सिअसला एवढ्या जागेत सुमारे ०.३९ ग्रॅम हवा मावते. शुद्ध पेट्रोल पूर्ण जळायला १ ग्रॅममागे १४.७ ग्रॅम हवा लागते, म्हणून एका स्फोटाला ०.०२६ ग्रॅम पेट्रोल पुरतं. इंजेक्टर मिनिटाला २०० सीसीचा असेल तर तेवढं पेट्रोल सोडायला त्याला १०.६ मिलिसेकंद उघडं राहावं लागेल. सॉफ्टवेअरमध्ये याचं नाव 'रिक्वायर्ड फ्युएल'. बाकीचा सगळा डोलारा या एका आकड्यावर उभा असतो.

३,००० आरपीएमला मॅनिफोल्डमध्ये ६० किलोपास्कल दाब आहे आणि तक्त्यात ८० लिहिलंय असं समजा. १०.६ गुणिले ०.८० गुणिले ०.६०, म्हणजे ५.१ मिलिसेकंद. त्यात इंजेक्टरचा डेड टाइम मिळवायचा. वीज मिळाल्यापासून सुई प्रत्यक्ष उचलली जाईपर्यंत वाया जाणारा हा वेळ १४ व्होल्टला साधारण १ मिलिसेकंद असतो. एकूण झाले ६.१.

हा एक मिलिसेकंद किरकोळ वाटतो, पण आयडलिंगला तोच डोकेदुखी होतो. ९०० आरपीएम, ३५ किलोपास्कल, तक्त्यात ४५: खऱ्या पेट्रोलचा वेळ उरतो जेमतेम १.६७ मिलिसेकंद. आता रेडिएटरचा पंखा सुरू झाला, हेडलाइट लागले आणि व्होल्टेज १४ वरून १२ वर आलं. डेड टाइम १.० चा १.३ झाला, पण ईसीयूला ते सांगितलेलंच नाही. ०.३ मिलिसेकंदाचं पेट्रोल कमी पडलं, म्हणजे १८ टक्के. इंजिन थरथरतं, कधी बंदही पडतं. पुष्कळ जण यावर उपाय म्हणून आयडलिंगच्या घरांमध्ये व्हीई वाढवून ठेवतात. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी! पंखा बंद झाला की तेच इंजिन आता रिच (गरजेपेक्षा जास्त पेट्रोलवर) चालतं, प्लग काळे पडतात. खरा उपाय व्होल्टेजनुसार डेड टाइम बदलणाऱ्या छोट्या कोष्टकात आहे. ते इंजेक्टरच्या माहितीपत्रकावरून भरावं.

स्टार्टर मारण्याआधी

थ्रॉटल सेन्सरची दोन टोकं, कूलंट आणि हवेच्या तापमापकांची कॅलिब्रेशन्स, मॅनिफोल्ड प्रेशर सेन्सरचा प्रकार, एवढं आधी भरून घ्यायचं. तपासायची युक्ती सोपी आहे. रात्रभर उभ्या असलेल्या गाडीत इंजिन सुरू न करता इग्निशन ऑन करा. कूलंट आणि हवा दोन्हींचं तापमान जवळपास सारखंच दिसलं पाहिजे. मॅनिफोल्डचा दाब बाहेरच्या हवेइतका दिसला पाहिजे: मुंबईत १०० किलोपास्कलच्या आसपास, पुण्यात उंचीमुळे ९४-९५. पुण्यात १०१ दिसला तर सेन्सरचा प्रकार चुकीचा निवडलेला असतो किंवा त्याची अर्थिंग खराब असते.

मग टायमिंग, म्हणजे ठिणगी पडायची वेळ. क्रँकवरच्या ३६-१ चकतीला दर दहा अंशांवर एक दाता असतो आणि एक मुद्दाम गाळलेला असतो. त्या रिकाम्या जागेवरून ईसीयू क्रँकची स्थिती ओळखतो, पण ती जागा पहिल्या सिलिंडरच्या टीडीसीपासून (पिस्टन सगळ्यात वर असतो त्या स्थितीपासून) नेमकी किती अंशांवर आहे हे आपणच सांगायचं. सॉफ्टवेअरमध्ये टायमिंग १० अंशांवर फिक्स करायचं, इंजिन सुरू करून पुलीवरच्या खुणेवर टायमिंग लाइट मारायचा, आणि खूण बरोबर १० वर येईपर्यंत ट्रिगर अँगल बदलायचा. मग आरपीएम ३,००० वर नेऊन पुन्हा बघायचं. खूण हळूहळू सरकत असेल तर चुंबकीय पिकअपच्या दोन वायरी उलट लागलेल्या असण्याची शक्यता मोठी. खूण मध्येच उड्या मारत असेल तर विजेचा गोंगाट शिरतोय: पिकअपची वायर शील्डवाली घ्या, शील्ड एकाच टोकाला अर्थ करा आणि प्लग रेझिस्टरवाले वापरा. ही पायरी गाळली तर पुढचा इग्निशन तक्ता कितीही सुंदर भरला तरी पडद्यावरचे २८ अंश इंजिनात ३४ असू शकतात. पिस्टन फुटायला तेवढा फरक पुरतो.

लॅम्डाचं खरंखोटं

लॅम्डा म्हणजे मिश्रणातली हवा भागिले इंधन पूर्ण जळायला लागणारी हवा: १ म्हणजे बरोबर, कमी म्हणजे रिच, जास्त म्हणजे लीन. तो मोजून व्हीई टेबल भरायला वाइडबँड ऑक्सिजन सेन्सर लागतो, बॉशचा एलएसयू ४.९ सर्वत्र चालतो. जुन्या गाड्यांतला नॅरोबँड फक्त मिश्रण रिच की लीन एवढंच सांगतो. किती, ते त्याला ठाऊक नसतं. सेन्सर एक्झॉस्टच्या पाइपात वरच्या अंगाला, आडव्या रेषेपासून निदान १० अंश वर झुकवून बसवायचा, नाहीतर गार पाइपातलं पाणी तापलेल्या सिरॅमिकवर पडून ते तडकतं. इंजिन सुरू होण्याआधी त्याचा हीटर चालू ठेवला तरी हेच होतं.

वाइडबँडला फक्त ऑक्सिजन कळतो. मिसफायर झाला की न जळलेलं पेट्रोल आणि न वापरलेला ऑक्सिजन दोन्ही बाहेर पडतात, आणि सेन्सर 'लीन' म्हणतो. सेन्सरच्या अलीकडे गॅस्केट फुटलेलं असेल आणि बाहेरची हवा शिरत असेल, तरी 'लीन'च म्हणतो. त्यावर विसंबून पेट्रोल वाढवलं की मिसफायर आणखी वाढतो. म्हणून व्हीईला हात लावण्याआधी एक्झॉस्ट मॅनिफोल्डचा सांधा न् सांधा बघावा.

एक गोम इंधनातही आहे. आपल्या पंपांवर आता २० टक्के इथेनॉलवालं पेट्रोल मिळतं. इथेनॉलला पूर्ण जळायला दर ग्रॅममागे फक्त ९ ग्रॅम हवा लागते, म्हणून या मिश्रणाचं प्रमाण १४.७ वरून १३.५ च्या जवळ येतं. तेवढ्याच हवेला आकारमानाने साडेसात-आठ टक्के जास्त इंधन सोडावं लागतं. पण डॅशबोर्डवरचा मीटर मात्र 'बरोबर' मिश्रणाला १४.७च दाखवतो, कारण तो लॅम्डा मोजतो आणि त्याला १४.७ ने गुणतो. मीटरवर १३.५ दिसावं म्हणून झटणारा माणूस गाडी विनाकारण रिच करून ठेवतो. टार्गेट लॅम्डात लिहिले की हा घोळच राहत नाही: सरळ रस्त्याला १.००, पूर्ण थ्रॉटलला टर्बो नसलेल्या इंजिनाला ०.८६ ते ०.८८.

दुरुस्तीचं सूत्र त्रैराशिकाचं. जुना आकडा गुणिले मोजलेला लॅम्डा भागिले टार्गेट. घरात ७२ आहे, टार्गेट ०.८८, सेन्सर ०.९५ दाखवतोय: ७२ × ०.९५ ÷ ०.८८ म्हणजे ७७.७. तिथे ७८ लिहा. ट्यूनरस्टुडिओच्या विकतच्या आवृत्तीत व्हीई अ‍ॅनालाइझ लाइव्ह हे काम गाडी चालू असताना आपोआप करतं, पण त्याला मोकळं सोडू नये. इंजिन पूर्ण गरम झाल्याशिवाय आणि अ‍ॅक्सिलरेशन एनरिचमेंट (पेडल दाबताना मिळणारं जादा पेट्रोल) चालू असताना नोंदी घेऊ नयेत. धूर सिलिंडरमधून सेन्सरपर्यंत पोचायलाही वेळ लागतो. तेवढ्यात थ्रॉटल हलला तर एका घराचं पाप दुसऱ्याच्या माथी बसतं.

चुकीचं घर तक्त्याच्या आकारावरूनच ओळखू येतं. इंजिनाचा श्वास टेकडीसारखा हळू चढतो आणि टॉर्कच्या शिखरानंतर हळू उतरतो. शेजारी ७४, ७६, ७३ असताना मधल्याच घरात ९१ आला, तर तो आकडा इंजिनाचा नव्हे. लॉग काढून बघितला तर तिथे बहुधा दोन-चारच नोंदी सापडतात, त्याही पेडल दाबतानाच्या. असं घर शेजाऱ्यांच्या सरासरीवर आणायचं आणि तिथे पुन्हा मोजायचं. हे काम डायनोवर (गाडीची ताकद जागच्या जागी मोजणाऱ्या यंत्रावर) करावं, कारण तिथे आरपीएम एका जागी धरून ठेवता येतो. रस्त्यावर, तोही बंद आवारात, करायचंच असेल तर चालवणारा एक आणि लॅपटॉप धरणारा दुसरा.

इग्निशनचा तक्ता

इथे मात्र आकडा मोजमाप नाही, हुकूम आहे. ठिणगी अशा वेळी पडावी की सिलिंडरमधला सर्वोच्च दाब टीडीसीनंतर साधारण १५ अंशांवर येईल. हलक्या पेडलला आत मिश्रण विरळ असतं आणि ते सावकाश जळतं, म्हणून ठिणगीला टीडीसीआधी ३५ अंश अ‍ॅडव्हान्सही चालतो. पूर्ण थ्रॉटलला तेवढाच दिला तर नॉकिंग (मिश्रणाचा आपोआप उडणारा भडका) ठरलेलं. ७४ मिलिमीटर बोअरच्या या इंजिनात नॉकिंगचा आवाज सुमारे ७.७ किलोहर्ट्झचा असतो. खडबडणाऱ्या इंजिनात कानाला तो सुटा ऐकू येत नाही, म्हणून नॉक सेन्सर किंवा ब्लॉकला लावलेला मायक्रोफोन हवा. डायनोवर दोन-दोन अंशांनी टायमिंग वाढवत न्यावं. टॉर्क वाढायचा थांबला की आपणही थांबावं. तिथून पुढचे अंश ताकद देत नाहीत, फक्त पिस्टन तापवतात.

कंपनीच्या ईसीयूचं रिमॅपिंग हे वेगळंच शास्त्र आहे. तिथे फाइल वाचून विनओएलएससारख्या सॉफ्टवेअरमध्ये हेक्स आकड्यांच्या रानातून नकाशे, म्हणजे असेच तक्ते, शोधायचे, चेकसम (फाइल शाबूत असल्याची खूण देणारा आकडा) पुन्हा मोजायचा, आणि फ्लॅश करताना बॅटरीला स्थिर पुरवठा जोडून ठेवायचा. लिहिताना मध्येच व्होल्टेज पडलं तर ईसीयू मुका होतो. शिवाय मोटार वाहन कायद्याचं कलम ५२ नोंदणीतल्या तपशिलाला धक्का लावणाऱ्या फेरफारांना आडवं येतं, आणि कलम १८२अ नुसार मालकाला प्रत्येक फेरफारामागे पाच हजार रुपये दंड, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. डिझेल गाडीचा पार्टिक्युलेट फिल्टर सॉफ्टवेअरमधून 'बंद' करून देणारे भेटतात; त्यांच्या नादी लागू नये.

सगळं जमलं तरी कोल्ड स्टार्ट उरतोच. गार इंजिनात पेट्रोलचा बराच भाग पोर्टच्या भिंतीला चिकटून बसतो, म्हणून क्रँकिंगला आणि वॉर्मअपला जादा इंधन द्यावं लागतं. २० अंशांना किती द्यायचं, हे गरम इंजिनावर शोधता येत नाही. सकाळी एकदा स्टार्टर मारायचा, कूलंट चढत जाईल तसतसा लॅम्डा टिपत जायचा आणि वॉर्मअपच्या कोष्टकातला त्या-त्या तापमानाचा आकडा सुधारायचा. दुसऱ्यांदा करायला इंजिन पुन्हा गार व्हावं लागतं, म्हणजे दुसऱ्या दिवशी सकाळीच. हे कोष्टक नीट लागायला आठवडा जातो, आणि महाबळेश्वरची थंडी त्यात भरायची असेल तर डिसेंबरपर्यंत थांबावं लागतं.