बांधाचा वाद कोर्टात का अडकतो

‘शेजाऱ्याने बांध कोरला’ एवढ्या एका तक्रारीवरून आपल्याकडे दिवाणी दावे वर्षानुवर्षे चालतात. हातभर जमिनीसाठी एवढी भांडणं कशाला, असं शहरातल्या माणसाला वाटतं. त्याने एकदा हिशेब करून पाहावा. गुंठा म्हणजे ३३ फूट गुणिले ३३ फूट, १०८९ चौरस फूट. ३३० फूट लांबीचा बांध सव्वातीन फुटांहून थोडासा जास्त सरकला की अख्खा गुंठा गेला. ज्याच्याकडे दोन एकर कोरडवाहू आहे, त्याने हे सोडून द्यावं असं म्हणणं सोपं आहे. त्याच्या जागी उभं राहून म्हणता येत नाही.

हे भांडण फार जुनं आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात सीमावादाचं वेगळं प्रकरण आहे. हद्दीवर वड, पिंपळ, पळस अशी झाडं लावावीत. कोंडा, राख, कोळसा, खापऱ्या, हाडं अशा लवकर न कुजणाऱ्या वस्तू खुणेसाठी पुरून ठेवाव्यात. निवाडा ज्येष्ठात, बांध उघडे दिसत असताना करावा, असं त्यात सांगितलं आहे. मोजणीसाठी आजही लोक पीक निघून रान मोकळं होण्याची वाट पाहतात. साक्षीदारांनी लाल वस्त्रं नेसून, डोक्यावर माती घेऊन हद्द सांगावी, असाही दंडक तिथे आहे. मराठा काळात असे तंटे गोतसभेपुढे, म्हणजे वतनदार आणि गावकऱ्यांच्या न्यायसभेपुढे, येत. निवाड्याचा महजर, म्हणजे लेखी निवाडापत्र, होई, त्यावर गावकरी आपापल्या निशाण्या करत, पाटलाची निशाणी नांगराची. शिवेच्या वादात महाराचा शब्द महत्त्वाचा मानला जाई, कारण गावाच्या सीमेची माहिती त्याच्याकडे पिढीजात असे. ज्याला गावाने वेशीबाहेर ठेवलं, त्याच्याच साक्षीवर गावाची हद्द ठरत होती, ही गोष्ट नोंदवून ठेवायला हवी.

म्हणजे तोवर हद्द माणसांच्या आठवणीत होती. ती कागदावर आली इंग्रजी अमलात. प्रिंगल या इंग्रज अधिकाऱ्याने १८२०च्या दशकाअखेर पुणे भागात केलेली पाहणी फसली. मग गोल्डस्मिड आणि विंगेट या अधिकाऱ्यांनी इंदापूर तालुक्यापासून नव्याने सुरुवात केली, आणि १८४७च्या संयुक्त अहवालाने त्या पद्धतीला पक्कं रूप दिलं. ३३ फुटांची साखळी, तिचे १६ आणे, शेतागणिक टिपण, म्हणजे मोजणीच्या मापांची नोंद, आणि हद्दीवर दगड व मातीचे उंचवटे. आजचा सर्व्हे नंबर इथून आला.

मात्र ही मोजणी कशासाठी होती? शेतसारा ठरवण्यासाठी. एका बैलजोडीने कसता येईल एवढं क्षेत्र, हा सर्व्हे नंबर पाडण्याचा एक आधार होता. त्यामुळे लहान लहान खातेदारांचे तुकडे एकाच नंबरात आले. सरकारला नंबराची बाहेरची हद्द हवी होती. आत कोणाचा बांध कुठे आहे, ही त्याची पहिली चिंता नव्हती. माझ्या मते आजच्या निम्म्या गोंधळाचं बीज इथेच पडलं.

१९०३च्या कायद्याने हक्कनोंदणी आली, पुढे पोटहिस्से, म्हणजे एकाच नंबरातले वेगवेगळे वाटे, मोजले गेले. पण भावांच्या वाटण्या तोंडी होतच राहिल्या. एकाने विहिरीकडची बाजू घेतली, दुसऱ्याने रस्त्याकडची; सातबाऱ्यावर मात्र निम्मं-निम्मं क्षेत्र लागलं. सातबारा क्षेत्र सांगतो, कब्जेदार सांगतो. हद्द सांगत नाही. हे माहीत नसल्यामुळे किती माणसं नुसता उतारा हातात घेऊन वकिलाकडे जातात!

मग १९४७चा तुकडेबंदी व एकत्रीकरणाचा कायदा आला. सर्व्हे नंबरांचे गट झाले. हेतू चांगला होता, तुकडे जोडले जावेत हा. अनेक गावांत अदलाबदल कागदावर झाली आणि शेतकरी आपल्या जुन्याच रानात राबत राहिला. एकाच्या नावची जमीन दुसऱ्याच्या कब्जात, असा प्रकार तिथून सुरू झाला. चूक लक्षात आली ती मुलानातवंडांना, विक्रीच्या किंवा कर्जाच्या वेळी. तोवर एकत्रीकरणाच्या योजनेत दुरुस्ती मागण्याचा वाजवी काळ उलटून गेला, असंच उत्तर अनेकांना मिळालं.

आजचा वाद या सगळ्या थरांवर उभा आहे, आणि त्याला दारंही दोन आहेत. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ प्रमाणे हद्द ठरवण्याचं काम महसूल यंत्रणेचं. ठरलेल्या हद्दीपलीकडे बसलेल्याला जिल्हाधिकारी हटवूही शकतात. मालकीचा प्रश्न निघाला की दिवाणी न्यायालय. भूमी अभिलेख कार्यालयाकडून ‘हद्द कायम’ मोजणी, म्हणजे हद्द निश्चित करणारी मोजणी, करून घ्यायची, ती मान्य नसेल तर निमताना मोजणी, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, मागायची, हा रुळलेला रस्ता. न्यायालयात मात्र नुसता नकाशा दाखल करून भागत नाही. लगतच्या खातेदारांना नोटिसा गेल्या होत्या का, मूळ टिपण घेतलं होतं का, मोजणी करणारा साक्षीला आला का, हे उलटतपासणीत विचारलं जातं, आणि तिथे अनेक नकाशे कोसळतात.

म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या आदेश २६, नियम ९ला इतकं महत्त्व आहे. त्याखाली न्यायालय स्वतः जागेची पाहणी करून अहवाल देणारा कमिशनर नेमतं, आणि हद्दीच्या वादात ते काम बहुधा भूमी अभिलेखच्या अधिकाऱ्याकडे जातं. ‘पक्षकारासाठी पुरावा गोळा करून देणं हे कोर्टाचं काम नाही’ म्हणून कमिशनर नेमण्याचे अर्ज फेटाळले जात. हरियाणा वक्फ बोर्डाच्या प्रकरणात २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की वाद हद्द आखण्यापुरताच असेल तर कमिशनर नेमायला हवा होता. तरी अर्ज उशिरा येतात. दावा दाखल करतानाच संयुक्त मोजणी, म्हणजे दोघांच्याही जमिनींची एकत्र मोजणी, मागितली तर बरीच वर्षं वाचतील. लिमिटेशनचं, म्हणजे दावा करण्याच्या मुदतीचं, घड्याळही चालू असतं: मालकीच्या आधारे कब्जा परत मागायला १२ वर्षं, आणि समोरचा प्रतिकूल कब्जाचा, म्हणजे ‘एवढी वर्षं उघडपणे कब्जा माझाच, म्हणून जमीन माझी’ असा, बचाव घेतो तो याच मुदतीवर.

एकत्रीकरणातून उरलेल्या गुंत्यावर राज्य सरकारने जानेवारी २०२३मध्ये सलोखा योजना आणली. दोन शेतकऱ्यांच्या जमिनी किमान १२ वर्षं एकमेकांच्या कब्जात असतील आणि दोघेही राजी असतील, तर १००० रुपये मुद्रांक शुल्क आणि १००० रुपये नोंदणी फी भरून अदलाबदलीचा दस्त करता येतो. मात्र ती अदलाबदलीपुरतीच आहे. कोरलेल्या बांधाला ती लागू पडत नाही. तिथे आधी मोजणी, आणि ती पटली नाही तर कोर्ट.