भीमबेटकाची शैलचित्रं कॅमेऱ्यात घ्यायचीत? परवाना, पात्रता आणि कागदपत्रं

कातळावरच्या आदिमानवाच्या चित्रांसाठी प्रसिद्ध असलेलं भीमबेटका पाहायला गेलात आणि हातातल्या कॅमेऱ्याने किंवा मोबाइलवर चार चित्रं टिपलीत, तर त्यासाठी वेगळा परवाना लागत नाही. फ्लॅश तेवढा बंद ठेवा. ट्रायपॉड, दिवे, कलाकार, युनिट असा लवाजमा आला की गोष्ट बदलते.

१९५७ साली पुरातत्त्वज्ञ विष्णु श्रीधर वाकणकरांनी उजेडात आणलेले इथले शैलाश्रय (कातळाखालचे नैसर्गिक आसरे) मध्य प्रदेशात असले, तरी ते केंद्राच्या संरक्षणाखाली आहेत. त्यामुळे राज्याच्या पर्यटन खात्याचं पत्र कितीही वजनदार असलं, तरी त्यावर काम होत नाही. परवाना भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या महासंचालकांकडूनच घ्यावा लागतो. १९५९च्या नियमांनुसार अर्ज चित्रीकरणाच्या किमान तीन महिने आधी करायचा असतो.

व्यक्ती किंवा संस्था, कोणीही अर्ज करू शकतं. खरी अट हेतूची आहे. छताखालच्या भागाचं चित्रीकरण शिक्षणासाठी किंवा स्मारकाच्या प्रसिद्धीसाठी असेल तरच परवाना मिळू शकतो. इथली चित्रं तर कातळाच्या छताखालीच आहेत! म्हणून माहितीपटाला जेवढी आशा, तेवढी गाण्याच्या शूटिंगला धरू नये.

अर्जात नाव-पत्ता, स्मारकाचा नेमका भाग, हेतू, कलाकारांची संख्या, तारीख आणि कालावधी लिहायचा. सोबत पटकथेतला संबंधित भाग, दृश्यांच्या तपशिलासह. याच कागदावर सर्वाधिक मेहनत घ्या. ‘गुहेतील दृश्ये’ एवढंच लिहू नका. कोणता शैलाश्रय, कॅमेरा कुठे उभा राहणार, कोणते दिवे आणि किती वेळ, हे एकेका दृश्यापुढे मांडा. शुल्क आणि परत मिळणारी अनामत यांचे दर बदलत असतात, ते भरण्याच्या वेळीच तपासा.

परवाना दुसऱ्याच्या नावे करता येत नाही. ठरलेल्या भागाबाहेर कॅमेरा न्यायचा नाही, जनरेटर स्मारकापासून लांब ठेवायचा, इतर पर्यटकांची वाट अडवायची नाही. पाणी, तेल, ग्रीस यांतलं काहीही कातळाला लागता कामा नये. रंग उठून दिसावेत म्हणून चित्रावर पाणी मारण्याची वाईट खोड काहींना असते. स्मारकाला इजा केल्यास दोन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं.

हा परिसर रातापानीच्या जंगलात येतो, तेव्हा वन विभागाकडेही वेळेत विचारणा करा. ड्रोनची परवानगी वेगळी घ्यावी लागते. पुरातत्त्वाच्या परवान्यात ती आपोआप येत नाही.