एकन, फ्रँक

(१३ फेब्रुवारी १८९८ – १८ मे १९८३). आयरिश क्रांतिकारक व मुत्सद्दी. जन्म आर्मा परगण्यातील कॅमलॉ येथे. ब्रिटनविरुद्धच्या स्वातंत्र्ययुद्धात ते आयरिश रिपब्लिकन आर्मीच्या चौथ्या उत्तर डिव्हिजनचे सेनापती होते. जून १९२२ मध्ये त्यांच्या माणसांनी ऑल्टनावे येथे सहा प्रॉटेस्टंट नागरिक मारले. हा डाग पुसला गेला नाही.

ब्रिटनशी १९२१ मध्ये झालेल्या करारावरून पेटलेल्या यादवी युद्धात आधी तटस्थ राहण्याची त्यांची धडपड फसली आणि ते करारविरोधकांत गेले. एप्रिल १९२३ मध्ये करारविरोधकांचे सरसेनापती लिअम लिंच मारले गेल्यावर एकन त्यांच्या जागी आले. २४ मे रोजी त्यांनी हुकूम काढला : शस्त्रे दडवून ठेवा. शरणागती नाही की तह नाही. लढाई थांबली, पण सरकारवर कैदी सोडण्याचे बंधन आले नाही आणि पुरलेल्या बंदुका पुढच्या पिढीच्या हाती लागायला मोकळ्या राहिल्या. १९२६ मध्ये ते फियाना फॉल पक्षाच्या स्थापनेत सामील झाले. १९३२ मध्ये ते संरक्षणमंत्री झाले, म्हणजे ज्या सैन्याशी लढले त्याचेच प्रमुख.

१९५१–५४ व १९५७–६९ या काळात ते परराष्ट्रमंत्री होते. संयुक्त राष्ट्रांत अण्वस्त्रप्रसार रोखण्यासाठी त्यांनी धरलेली चिकाटी हेच त्यांचे खरे काम. १९५८ मध्ये त्यांनी मांडलेल्या ठरावाच्या मसुद्यातील एका परिच्छेदावर वेगळे मतदान झाले : बाजूने ३७, विरोधात शून्य, तटस्थ ४४. विरोध कोणाचाच नाही, पण तटस्थांत बडी राष्ट्रे. म्हणून एकन यांनी मसुदा मागे घेतला. नाटोच्या सदस्यांना अडचण होती ती मित्रदेशांत ठेवलेल्या अमेरिकी अण्वस्त्रांची. तेव्हा पुढच्या मसुद्यांत रोख अस्त्रांच्या जागेवरून त्यांच्या ताब्यावर आला : अस्त्रे कुठेही असोत, ताबा दुसऱ्याकडे देऊ नये. १९५९ व १९६० चे ठराव मतदानाने संमत झाले. ४ डिसेंबर १९६१ रोजी १६६५ क्रमांकाचा ठराव एकमताने संमत झाला. त्यात दोन्ही बाजूंना बांधले होते : अण्वस्त्रधारींनी ताबा व माहिती देऊ नये, इतरांनी अस्त्रे बनवू वा मिळवू नयेत. अण्वस्त्रप्रसारबंदी कराराची पहिली दोन कलमे याच सांगाड्यावर उभी आहेत. (भारताने पुढे हा करार भेदभावाचा ठरवून नाकारला.) १ जुलै १९६८ रोजी मॉस्को येथे करारावर पहिली सही एकन यांनी केली.