‘मेड इन हेवन’ची सगळी गाणी फ्रेडीने शेवटच्या दिवसांत गायली नव्हती

पाचगणीच्या शाळेत शिकलेला, ‘क्वीन’ या ब्रिटिश रॉक बँडचा गायक फ्रेडी मर्क्युरी २४ नोव्हेंबर १९९१ रोजी गेला. चार वर्षांनी ‘क्वीन’चा ‘मेड इन हेवन’ हा अल्बम आला. तेव्हापासून ऐकतो आहोत की, आजारी फ्रेडीने अखेरच्या महिन्यांत जी गाणी गाऊन ठेवली, तीच ही. हे बहुतांशी चूक आहे.

‘आय वॉज बॉर्न टू लव्ह यू’ आणि शीर्षकगीत त्याच्या १९८५च्या एकल अल्बममधले आहे. आवाज तोच ठेवून सोबत्यांनी वाद्ये नव्याने वाजवली. ‘इट्स अ ब्यूटिफुल डे’चे मूळ तर १९८० सालचे, त्याने पियानोवर सहज छेडलेली सुरावट. ‘माय लाइफ हॅज बीन सेव्हड’ १९८९मध्येच एका सिंगलच्या (एका गाण्यासाठी काढलेल्या छोट्या तबकडीच्या) मागच्या बाजूला येऊन गेले होते. म्हणजे सगळे अप्रकाशित होते, हेही खरे नाही.

खरोखर १९९१ची म्हणावीत अशी मोजकीच. त्यांतले ‘मदर लव्ह’ ऐकताना मला आजही गलबलून येते. त्या वर्षीच्या मे महिन्यात स्वित्झर्लंडमधल्या माँत्रोच्या स्टुडिओत, उभे राहणेही कठीण असताना, फ्रेडी ते गायला. शेवटचे कडवे राहिले. ते पुरे करायला तो परत येऊ शकला नाही, म्हणून ते गिटारवादक ब्रायन मे याने गायले. नीट कान दिला तर आवाज बदलतो ती जागा लगेच सापडते.